बाजूच्या सीटचं बयान

मिस्त्रीला फोन केला की तो आधी विचारायचा, "तुमची गाडी कोणत्या गिअरले अडते?"

मी सांगायचो, रिव्हर्सला. मग पलीकडे वहीची पानं उलटल्याचा आवाज. मग, "बोला सर."

पहिल्यांदा मला वाटलं, हा तपासणीचा प्रश्न आहे. दोन-तीनदा झाल्यावर कळलं की ही ओळखपरेड आहे. माझं नाव, माझा आवाज, त्याच्या मोबाइलवर उमटलेला माझा नंबर, यातल्या कशावरच त्याचा भरोसा नव्हता. आवाज कोणीही काढतो, फोन कोणाच्याही हाती लागतो. पण अमक्याच्या गाडीचा रिव्हर्स अडतो हे फक्त अमक्याला आणि मिस्त्रीलाच माहीत. त्याच्या वहीत माणसांची नावं नव्हती. मी होतो 'रिव्हर्स अडते'. आमच्या शाळेचे मुख्याध्यापक होते 'डावा दरवाजा'.

दारव्ह्यात यवतमाळ रोडला, कापसाच्या एका जुन्या जिनिंगच्या भिंतीला टेकून त्याचं टिनाचं शेड होतं. पाटी नव्हती. पाटी लावली की अनोळखी माणसं येतात, असं त्याचं म्हणणं. धंद्याला अनोळखी माणसंच तर हवी असतात, असं मी एकदा म्हणालो, तेव्हा त्यानं माझ्याकडे असं पाहिलं, जणू मीच चार-पाच अनोळखी माणसं बाहेर उभी करून आलोय. शेडमध्ये समोरासमोर दोन घड्याळं होती. दोन्हींत फरक पडला की कोणत्याच घड्याळाला हात न लावता तो चालत एसटी स्टँडवर जायचा आणि तिसरी वेळ विचारून यायचा. वय साठीच्या आसपास, अंग बारीक, शर्टाच्या दोन्ही खिशांना सेफ्टी पिना. हाताखाली माणूस नाही. एकदा ठेवला होता म्हणे, आठ दिवस. आठही दिवस मिस्त्रीनं काम केलं नाही, त्या माणसाकडे पाहत बसला.

हा माणूस असा का झाला याबद्दल गावात बरीच मतं होती. कोणी म्हणायचं, भागीदार सगळे पाने घेऊन पळाला. कोणी म्हणायचं, तरुणपणी पोलीस भरतीत अर्ध्या इंचानं राहिला आणि तो अर्धा इंच आता सगळ्यांकडून वसूल करतो. मी स्वतः धीर करून विचारलं होतं. तो म्हणाला, "मी संशयी नाही सर. मी इंजिन पाह्यलं हाये." गेल्या वर्षी त्यानं शेड बंद केलं आणि तो लेकीकडे राहायला गेला. लेक कोणत्या गावी असते, ते त्यानं कोणाला सांगितलेलं नाही.

त्याच्या कामाची एक खूण होती. नट कसून झाला की तो त्यावर पांढऱ्या ऑइल पेंटचा बारीक ठिपका ठेवायचा, अर्धा नटावर, अर्धा बाजूच्या लोखंडावर. नट कोणी हलवला की ठिपका मोडायचा. नवी गाडी त्याच्याकडे पहिल्यांदा आली की तो दिवसभर काहीही दुरुस्त न करता नुसता एकेक नट तपासून ठिपके देत बसायचा. माझ्या गाडीचं बॉनेट उघडलं की देवी आल्यासारखं दिसायचं.

पण त्याची खरी तऱ्हा होती बयानाची. गाडीला काय झालंय हे तो दोघांना विचारायचा, वेगवेगळं. आधी गाडी चालवणाऱ्याला आत बसवून. मग त्याला बाहेर काढून बाजूच्या सीटवर बसणाऱ्याला. बायको, भाऊ, आई, जो कोणी असेल तो. "डायवर खोटं बोलते," तो म्हणायचा. "मुद्दाम नाही. त्याले वाटते, गाडी बिघडली म्हंजे आपलीच इज्जत गेली. बाजूच्याची इज्जत जात नाही, थो खरं सांगते." एकदा तुरीच्या एका व्यापाऱ्यानं सांगितलं की क्लच आपोआप गेला. त्याच्या म्हाताऱ्या आईला मिस्त्रीनं स्टुलावर बसवलं. ती म्हणाली, "आपोआप कायचा जाते बाप्पा. हा मोबाइलवर बोलत राह्यते न् पाय त्याच्यावरच ठेवून राह्यते, पायपुसन्यावर ठेवल्यावानी." व्यापारी बाहेर उन्हात उभा होता. त्याला शेवटपर्यंत कळलं नाही की मिस्त्रीनं ओळखलं कसं.

आता माझं सांगतो, म्हणजे माझ्या अकलेचं. गाडीतलं मला काही कळत नाही. पण मी गेली पंचवीस वर्षं शाळेत विज्ञान शिकवतो, त्यामुळे काही कळत नाही असं म्हणायची सोय राहिलेली नाही. मेकॅनिक काही बोलला की मी मान डोलावतो आणि "हं, म्हणजे प्रेशर" एवढंच म्हणतो. एवढ्यावर आजवर निभावलं. ही डिझेल गाडी मी सहा वर्षांपूर्वी माझ्या साळ्याकडून घेतली, म्हणजे बायकोच्या धाकट्या भावाकडून. तो मारेगावला असतो. कापूस आणि तूर, घर भरलेलं. कमी बोलणारा माणूस. गाडी देताना तो फक्त एवढंच म्हणाला होता, "भाऊजी, मनानं देऊन राह्यलो." मला हे वाक्य त्या दिवशीच जरा खटकलं. चांगली गाडी कोणी मनानं कशाला देईल, असं मला वाटलं. संशय ही काही मिस्त्रीची मक्तेदारी नव्हती.

दोन वर्षांपूर्वीच्या एप्रिलमध्ये गाडी गरम व्हायला लागली. चढावर, बाजारातून हळूहळू जाताना काटा वर जायचा. मोकळ्या रस्त्यावर उतरायचा. एक दिवस सोसायटीच्या गोदामासमोर बॉनेटमधून वाफ आली आणि सोयाबीन घेऊन आलेल्या लोकांनी माझ्याभोवती गोल करून आपापलं निदान सांगितलं. मी सगळ्यांना मान डोलावली.

मिस्त्रीनं मला आत बसवलं आणि बयान सुरू केलं. कधीपासून, कुठे, एसी चालू होता का, सकाळी काटा कुठे असतो. मी म्हणालो, हिवाळ्यात तर काटा वर यायलाच तयार नव्हता, आणि डिझेलही जास्त लागत होतं. मला पंपवाल्याचा संशय होता. या एका वाक्यावर त्यानं पहिल्यांदा माझ्याकडे जरा आदरानं पाहिलं. मग त्यानं विचारलं, "मागच्या दोन सालात मह्याशिवाय कोणी हात लावला का गाडीले?"

दुसऱ्या मेकॅनिकचं नाव काढलं की मिस्त्री महिनाभर गाडी घ्यायचा नाही, हे मला ठाऊक होतं. मी म्हणालो, "तुमच्याशिवाय कोणाची हिंमत आहे मिस्त्री?" त्याला खूश करायला म्हणालो. त्यात काही खोटं आहे, हे बोलताना मला आठवलंसुद्धा नाही. माझ्या मनाला अशी सवय आहे, गैरसोयीचं असलं की ते स्वतःहून आवरून ठेवतं.

त्यानं थंड गाडी सुरू करायला लावली आणि रेडिएटरच्या वरच्या रबरी पायपावर तळहात ठेवून उभा राहिला. डॅशबोर्डवरच्या काट्याकडे त्यानं पाहिलंही नाही. तो काटा कंपनीनं माणसाला झोप लागावी म्हणून लावलेला आहे, असं त्याचं मत. दोन मिनिटांनी त्यानं माझाही हात त्या पायपावर ठेवला.

"कसा लागते?"

"कोमट."

"पहिल्यापासून कोमट लागून राह्यला. हा थंडाच पाह्यजे होता. इंजिन तापलं की मंग वॉल उघडते, मंग एकदम गरम पाणी येते न् हात भाजते. इथं तं पहिल्या मिनिटापासून पाणी फिरून राह्यलं." त्यानं हात पुसला. "दारच नाही सर."

वॉल म्हणजे थर्मोस्टॅट. इंजिन आणि रेडिएटर यांच्यामधलं मुठीएवढं पितळी दार. पाणी तापेपर्यंत बंद, तापलं की आपोआप उघडतं. हे मी आठवीला शिकवतो, चित्रासकट. इंजिन गार झाल्यावर त्यानं दोन नट काढले, टोपी उचलली आणि मला वाकून पाहायला सांगितलं. आत घर होतं, घरात कोणी नव्हतं. आपल्या भागात ही एक रीतच आहे, तो सांगत होता. उन्हाळ्यात गाडी तापली की रस्त्यावरचा मेकॅनिक वॉल काढून फेकतो आणि म्हणतो, डायरेक्ट करून दिलं, आता गाडी थंडी राहील. तशी ती राहते काही दिवस. पण माझ्या गाडीच्या इंजिनात पाण्याला दुसरी एक आडवाट असते. वॉल नसला की ती वाट बंदच होत नाही, अर्धं पाणी रेडिएटरकडे जायच्याऐवजी इंजिनातच गोल फिरतं आणि गाडी हळू चालली की उकळतं. हिवाळ्यात उलट, तापायलाच तयार नाही, म्हणून डिझेल खाते.

तो हे सगळं सांगत होता. मी मात्र 'वॉल काढून फेकतो' इथेच थांबलो होतो. माझ्या डोक्यात एकच वाक्य घुमत होतं: मनानं देऊन राह्यलो. मी शेडच्या बाहेर आलो आणि तिथल्या तिथे साळ्याला फोन लावला. काय काय बोललो ते इथे लिहीत नाही. सारांश असा की वॉल काढलेली गाडी बहिणीच्या नवऱ्याच्या गळ्यात मारायला लाज वाटली पाहिजे. तो ऐकत राहिला. मग म्हणाला, "भाऊजी, मले तं वॉल काय राह्यते थेबी मालूम नाही." आणि फोन ठेवला.

मी परत आत आलो, विजयी. मिस्त्री टोपीचे दोन नट उजेडात धरून फिरवत होता.

"कोणाले फोन केला?"

मी सांगितलं.

"मी कुठं म्हटलं का साळ्यानं काढला?" त्यानं नट माझ्या नाकाशी धरला. नटावर पांढरा अर्धा ठिपका होता. टोपीवरचा दुसरा अर्धा पार भलत्या जागी होता. "हा ठिपका मी देल्ला, गाडी तुमच्याइथं आल्यावर. मोडला थो त्याच्यानंतर, न् आज मी खोलाच्या आधीच मोडेल होता. म्हंजे वॉल काढला तवा गाडी तुमच्यापाशी होती." मग अगदी हळू आवाजात, "तुम्ही म्हणता मह्याशिवाय कोणी हात लावला नाही. मंग काय मी काढला?"

खरं सांगायचं तर पुढचे दोन दिवस मी तेच धरून बसलो होतो. ठिपका देणाराही तोच, मोडला म्हणणाराही तोच. एवढा संशयी माणूस स्वतः सरळ असेल कशावरून? शिवाय त्यानंच काढला असं ठरलं, तर मला साळ्याची माफी मागताना निदान दुसऱ्याचं नाव घ्यायला मिळत होतं. माफी तर मागायलाच हवी होती. दहा दिवसांवर साळ्याच्या थोरल्या मुलीचं साक्षगंध होतं, म्हणजे साखरपुडा. एकुलती आत्या म्हणून आमच्या हिचा मान मोठा; तिनं साडी घेऊन ठेवली होती, ब्लाउज शिवायला टाकला होता. फोनचं तिला त्याच संध्याकाळी भावजयीकडून कळलं. ती माझ्यावर ओरडली नाही. पोळ्या करता करता म्हणाली, "मी एसटीनं जाईन. तुम्ही राहा तुमच्या गाडीपाशी."

बावीस वर्षांत माहेरच्या कार्याला ती एकटी गेली नव्हती. ती एकटी गेली असती तर चारचौघांत विचारणा झाली असती, जावई काहून नाही आले? आणि साळ्याला पाहुण्यांसमोर, मुलीच्या सासरच्या लोकांसमोर, काहीतरी खोटं सांगावं लागलं असतं. मी तीन वेळा फोन केला. त्यानं उचलला नाही.

मिस्त्रीनं गाडी सोडली नव्हती. निरोप दिला होता, बाजूच्या सीटवर बसणाऱ्याचं बयान झाल्याशिवाय नवा वॉल टाकणार नाही. हिला म्हणालो, जरा चल. ती म्हणाली, "येते. मलाही पाहायचाच आहे तो वॉल, ज्याच्यापायी माझा भाऊ चोर झाला."

आम्ही गेलो तेव्हा शेडमध्ये स्टोव्हवर एका पातेल्यात पाणी तापत होतं. यवतमाळहून आणलेला नवा वॉल दोऱ्यानं बांधून पाण्यात सोडलेला, बाजूला थर्मामीटर. नवा वॉल तो असा उकळून पाहिल्याशिवाय बसवायचा नाही. त्याचं म्हणणं, डब्बा असली राह्यते, माल नकली राह्यते. थर्मामीटरवरही भरोसा नव्हता म्हणून आधी तो बर्फात आणि मग उकळत्या पाण्यात तपासून झाला होता. असा आधी एक वॉल त्यानं परत पाठवला होता, अंगावर छापलेल्या आकड्याच्या कितीतरी पुढे गेला तरी तो उघडला नाही म्हणून. मला बाहेर घालवायच्या बेतात तो होता, तेवढ्यात ही पातेल्यात वाकली.

"अहो," ती म्हणाली, "हे तर आपल्या कुकरचं आहे."

मिस्त्रीनं स्टोव्ह बारीक केला. "बाई, नीट पाहा."

"नीटच पाहते. अशीच स्प्रिंग, असंच पितळ. दिवाळीला गाडी झाडली, तेव्हा समोरच्या खणात पेपरात गुंडाळून ठेवलेलं सापडलं. यांनी कुकर दुरुस्तीहून गाडीतच आणला होता. मला वाटलं, त्याचाच काही भाग दुरुस्तीवाल्यानं काढून दिला असेल. कुकरच्या जुन्या रिंगांसोबत डब्यात टाकून ठेवलंय."

मिस्त्रीनं तिला स्टूल दिलं. मला त्या शेडमध्ये कधी स्टूल मिळालं नव्हतं. ती बसली नाही. स्कूटी घेऊन घरी गेली आणि वीस मिनिटांत तो पितळी तुकडा घेऊन आली. ती जाऊन येईपर्यंत माझ्या डोक्यात हळूहळू उजाडत गेलं. आदल्या वर्षीचा मे महिना. मी पेपर तपासायला एकटा दिग्रसला गेलो होतो. भर दुपारी गाडी काढू नका, असं हिनं बजावलं होतं, आणि मी काढली होती. वाटेत गाडी उकळली. एका टपरीवरच्या मेकॅनिकनं तासभर काहीतरी केलं. मी पलीकडे उसाचा रस पीत होतो. त्यानं पेपरात गुंडाळलेलं काहीतरी हातात दिलं आणि म्हणाला, "डायरेक्ट करून देल्लं साहेब." मी म्हणालो, "हं, म्हणजे प्रेशर." आणि ते खणात टाकून घरी येऊन गप्प बसलो.

मिस्त्रीनं तो जुना वॉल पाण्यात सोडला. पाणी उकळलं, पातेल्याचे काठ हलायला लागले. नवा वॉल आधीच उघडून मोकळा झाला होता. जुना तसाच दात आवळून बसलेला. मिस्त्रीनं तो चिमट्यानं बाहेर काढला आणि उन्हात फळीवर ठेवला.

"हा मेला थो वयानं मेला," तो म्हणाला. "इकनाऱ्याचा काही कसूर नाही. बदलाचा होता, तं काढून फेकला."

मग तो माझ्याकडे वळला. मला वाटलं आता ऐकवणार. पण त्यानं वहीचं पान उलटलं आणि विचारलं, "सर, तुमचं बयान काय बदलाचं हाये का?"

हिच्यासमोर मी सगळं सांगितलं, दिग्रस, दुपार, उसाचा रस. तिनं फक्त रसाच्या जागी विचारलं, बर्फ घातला होता का. तिला वाटतं, माझा घसा बर्फानं बसतो.

नवा वॉल बसवायला मिस्त्रीला पाऊण तास लागला, आणि त्यातला बराच वेळ संशयात गेला. बसायची जागा त्यानं घासून आरशासारखी केली. नव्या रबरी रिंगेचा वास घेतला. वॉलच्या चकतीवरची बारीक पिन बरोबर वर येईल असा तो बसवला, म्हणजे आत अडकलेली हवा तिथून निघते. पाणी आणि कूलंट भरून, झाकण उघडं ठेवून त्यानं गाडी चालू ठेवली आणि बुडबुडे थांबेपर्यंत टाकीत डोळे घालून उभा राहिला. मग वरच्या पायपावर हात. बराच वेळ काही नाही. मग एकदम त्यानं हात मागे घेतला, झटकला, आणि त्याच्या चेहऱ्यावर जे काही आलं त्याला दुसऱ्या कोणाच्या बाबतीत मी समाधान म्हणालो असतो. त्यानं नटांवर ठिपके दिले. मग म्हणाला, पहिल्या शंभर किलोमीटरचा भरोसा नाही, मी सोबत येईन. मी म्हणालो, आम्ही मारेगावला जाणार आहोत, साक्षगंधाला. तो म्हणाला, "मी गाडीसाठी येऊन राह्यलो. साक्षगंध तुमचं तुम्ही पाहा."

अशा रीतीनं साक्षगंधाच्या सकाळी आम्ही तिघं निघालो. ही बाजूला, मिस्त्री मागे, धुतलेला शर्ट, खिशांना नव्या पिना. यवतमाळ, करंजी, प्रत्येक ठिकाणी गाडी थांबवून त्यानं पायपाला हात लावून पाहिला. गाडीचं काही बिघडत नव्हतं. माझंच बिघडत होतं.

साळ्याच्या अंगणात मांडव होता, फाटक उघडं होतं, आत पाच-सहा गाड्या उभ्या होत्या. तो फाटकातच भेटला. बहिणीच्या पाया पडला. मग माझ्या, वाकल्यासारखं करून. मी बोलायला तोंड उघडलं तर म्हणाला, "जेवून घेजा भाऊजी. गाडी मात्र बाहेर ठेवा." मी गाडी बाहेर रस्त्याच्या कडेला लिंबाखाली लावली. ही आत गेली. मी मांडवाच्या कडेला एका खुर्चीवर बसलो आणि ज्यानं विचारलं त्याला सांगितलं की बाहेर सावली चांगली आहे.

अकरा वाजता कळलं की मुलाकडच्यांची जीप वणी रोडवर बंद पडली आहे. पुरुष मंडळी दुसऱ्या गाडीतून पोचली होती, बाया आणि सोबतचे मुलाचे काका जीपपाशी अडकले होते. अंगणातल्या गाड्या एकमेकींना अडवून उभ्या होत्या. बाहेर मोकळी होती एकटी माझी. साळा फाटकाबाहेर आला. माझ्याकडे न पाहता त्यानं मिस्त्रीला विचारलं, "गाडी नेतो. भरोसा हाये का?"

मिस्त्री जन्मात या प्रश्नाला हो म्हणालेला नव्हता. त्यानं बराच विचार केला. "गाडीचा हाये," तो म्हणाला. आणि मागे जाऊन बसला.

साळ्यानं हात पुढे केला, मी चावी दिली. तो चालवायला बसला. मी काय करावं ते न कळून बाजूच्या सीटवर बसलो.

गावाबाहेर पडलो. मग मी सांगितलं. मे महिन्यापासून फोनपर्यंत, पेपरात गुंडाळलेल्या पुडीसकट. मागून मिस्त्री दोनदाच बोलला, एकदा "सेकंडमधी घ्या," आणि एकदा मी 'विसरलो होतो' म्हणालो तेव्हा, "विसरले नव्हते सर." शेवटी मी म्हणालो की चूक झाली, फार मोठी झाली.

साळा समोर पाहत होता. "मले वॉलचा राग नाही आला भाऊजी," तो म्हणाला. "चार सालं तुम्ही थे गाडी चालवली. एक डाव फोन करून म्हटलं नाही, का चांगली चालून राह्यली. बिघडली तवा पह्यला फोन केला."

मी डॅशबोर्डच्या काट्याकडे पाहिलं; तो आपल्या जागी होता.

जीप एका पुलाशी उभी होती, बॉनेट उघडं, वाफ निघत होती. नवऱ्या मुलाची आई, मावशी आणि आजी रस्त्याच्या कडेला पदर डोक्यावर घेऊन बसल्या होत्या. गावातला एक मेकॅनिक पाना घेऊन वाकला होता आणि मुलाच्या काकांना समजावून सांगत होता की वॉल काढून डायरेक्ट करून देतो, या गरमीत वॉल पाहिजेच कायले. मी आणि साळा एकदमच म्हणालो, "नोका काढू."

काका चमकले. साळा पुढे झाला. "वॉल काढाचा नाही," तो म्हणाला. "आमच्या घरात वॉलवरून लय झालं हाये."

"असं?" काका म्हणाले. "मंग काय कराव म्हंता?"

साळ्यानं माझ्याकडे बोट केलं. "हे आमचे भाऊजी. विज्ञानाचे सर हायेत. यायले विचारा."

सगळे माझ्याकडे पाहायला लागले. मेकॅनिक पाना खाली धरून थांबला. "मला यातलं काहीही कळत नाही," मी म्हणालो. "मिस्त्रीला विचारा."

मिस्त्री तोवर जीपच्या ड्रायव्हरला बाजूला घेऊन गेला होता. आम्ही बायांना घेऊन निघायला लागलो तेव्हा ड्रायव्हरचं बयान आटोपून तो आजीसमोर उकिडवा बसला होता आणि विचारत होता, आजी, तुम्ही गाडीत कोणत्या बाजूले बसल्या होत्या. आजीला गाडीत बसवताना त्यानं माझ्याकडे अशा नाराजीनं पाहिलं, जणू मी त्याचा साक्षीदार पळवतोय. तो स्वतः जीपपाशीच थांबला.

साळ्यानं चावी माझ्या हातात दिली आणि स्वतः बाजूला बसला. मागे तिघी बाया सोयरिकीच्या गोष्टी करत होत्या. गावात शिरलो, मांडव दिसला. लिंबाच्या सावलीशी आलो तेव्हा मी सवयीनं गाडी हळू केली आणि कडेला घ्यायला लागलो.

"थांबून कायले राह्यले?" साळा म्हणाला. "आत घ्या."